कुरडूची वाट

प्रिय अक्का,

काल दादाच्या घरी तुझं वर्षश्राद्ध झालं. आज दुपारच्या गाडीनं मी देऊळगाव राजाला परत जाणार होते. गेले नाही. तुझ्या घरात, तुझ्या पाटावर बसून लिहिते आहे. सकाळी जे पाहिलं, ते दुसऱ्या कोणाला सांगू?

गेल्या कार्तिकात तू माळावर गेलीस, कोणाच्या तरी मुतखड्यासाठी कुरडूचं बी आणायला. त्या दिवशी साप चावला. नाल्याकाठी सापडलीस तेव्हा कमरेची पिशवी रिकामी होती, तळाशी उसवलेली. नवी शिव, नवी शिव म्हणून किती मागे लागले होते मी! ऐकलंस कधी?

आज एकटीच माळावर गेले. गवतात कुरडू नेहमीसारखंच उभं होतं, शेंड्याला गुलाबी, खाली पांढरं. पण त्यातली एक ओळ माळ सोडून खाली उतरली होती. एकेरी, पायवाटेच्या कडेनं. तिथं आधी कधीच कुरडू नव्हतं; तुझ्या उसवलेल्या पिशवीतून सांडलेलंच बी ते. वारा पडला होता, तरी तुरे हलत होते. मी मागे वळून पाहिलं नाही, अक्का. पाहायला हवं होतं का?

वाटलं, ओळ नाल्याकडं जाईल. ती वळली गोदाकाकूच्या गोठ्याकडं! तुझ्या शेळ्यांनी तिची तूर खाल्ली तेव्हापासून तुमचं बोलणं बंद. तिच्या अंगणात तू कशाला गेलीस?

काकू दारातच होती. ती ओळ थेट खुंट्यापर्यंत आलेली पाहून मटकन खाली बसली.

"शशे, त्या दिवशी माही पाठ हरवली होती वं. लहानशीच शेळी, माळावर राह्यली होती. सांजच्याले पाह्यते त खुट्याले बांधेल होती! मले वाटलं, करणी आहे. कोणाले बोललीच नाही मी."

"गाठ कशी होती, काकू?"

"डाव्या हाताची."

तुझ्या हाताची! गावात डावखुरी तूच होतीस.

"मग काऊन नाही सांगितलं?"

"कोण्या तोंडानं सांगू? गाठ वळखली तव्हा जीव गेला होता तिचा."

तुला साप माळावर ती पाठ धरताना चावला, की बांधून परत फिरल्यावर? एक हाक मारायची होतीस गं! काकू घरातच होती. एवढी कसली अढी?

गोठ्यापासून ओळ नाल्याकडं गेली. तू सापडलीस तिथं ती संपायला हवी होती. संपली नाही. नाला ओलांडून तुझ्या दारापर्यंत आली.

वर्षभर बंद असलेलं कुलूप काढलं. चुलीपाशी, फुटक्या कवेलूतून ऊन पडतं तिथं, सारवलेली जमीन फोडून एकच कुरडू उभं होतं. तुरा उमललेला. अक्का, तू तर घरी पोचलीच नव्हतीस ना?

काकू मागोमाग आली होती. तिनं डोक्यावर पदर घेतला, उंबऱ्याबाहेरच थांबली आणि हळूच म्हणाली, "आली वाटते."

मला भीती वाटते आहे, खोटं कशाला बोलू? पण ते रोप मी कोणाला उपटू देणार नाही, दादालाही नाही. आणि उद्या जाताना दार नुसतं लोटून घेईन. या घराला मी पुन्हा कुलूप लावणार नाही.

तुझीच,
शशी