पडद्यावरचा आवाज कुणाचा

लुगांग (तैवान), ४ मार्च १९८७
ती. दादास,
सा. न. वि. वि.
इकडे सगळे खुशाल. आईच्या डोळ्यांचं मात्र आटोपलं. आता उजेड-अंधार तेवढा कळतो. तरी हट्ट धरून परवा तुझा नवा सिनेमा पाहायला आली. छत्री फेकून तू नायिकेला लग्नाचं विचारलंस, बायका नाकं पुसत होत्या, आणि आई मोठ्यांदा मला विचारते, की आपला मू-शेंग कधी येणार? समोर तोच आहे म्हटलं, तर म्हणाली, हा कुणा दुसरीचा मुलगा आहे. पुढच्या रांगेनं वळून पाहिलं. मला मेलीला इतकी वर्षं कसं कळलं नाही? तुझे ओठ हलताना दिसले की आवाजही तुझाच वाटायचा.
आई तेव्हापासून एकच धरून बसली आहे. म्हणते, दिसत होतं तोवर पोराला पडद्यावर पाहिलं; आता नुसतं ऐकू येतं, तर तिथं तो नाहीच. कोण रे हा माणूस? खरं खरं लिही.
तुझी भांडकुदळ बहीण,
यू-लान

तैपेई, ११ मार्च
चि. यू-लान हिस,
अ. उ. आ.
आईनं बरोबर पकडलं. आमच्याकडे शूटिंग मुकंच चालतं. आवाज मागाहून खोलीत बसून भरतात. माझा आवाज म्हणजे फेइसाहेब. बुटके, टकले, खिशात कायम शेंगदाणे. पहिल्या सिनेमात मी तोंड उघडलं आणि दिग्दर्शक हसून लोळला. म्हणाला, हा प्रेमाची कबुली देतोय की कालवं विकतोय? आपला लुगांगचा हेल गं. तेव्हापासून माझं सगळं प्रेम फेइंनीच केलं. बायका त्यांच्या आवाजावर भाळून पत्रं लिहितात, मी सही करून फोटो पाठवतो.
आता पेच पडलाय. एक निर्माता म्हणतो, पुन्हा प्रियकर हो. पन्नाशीत, टोप घालून, फेइंच्या आवाजात. दुसरीकडे एक पोरगेला दिग्दर्शक आहे. त्याला चक्क कालवं विकणारा बाप हवाय, आपल्या बोलीत, माझ्याच आवाजात. बाप झालो की नायकी संपली, आणि लोक हसले तर तीस वर्षं पाण्यात. मला भीती वाटते गं. आईला यातलं काही सांगू नकोस.
तुझा दादा,
मू-शेंग

लुगांग, १७ मार्च
ती. दादास, सा. न.
आईला सगळं सांगितलं. माझ्या पोटात काही राहत नाही हे ठाऊक असून लिहिलंस, म्हणजे सांगावं असंच तुझ्या मनात होतं. ती चिडली नाही. उलट प्रश्नांची सरबत्ती. फेइंना बायको आहे का? ते घरीही असंच गोड बोलतात का? मग विचारलं, की मू-शेंग स्वतःच्या तोंडानं हे प्रेमाचं कुणाला कधी बोलला का? मला आठवलं, वहिनी घर सोडून निघाल्या तेव्हा मला एवढंच म्हणाल्या होत्या, की तुझा भाऊ घरात बोलतच नाही.
निर्णय तुझा. टोप घालून मात्र लुगांगला येऊ नकोस, कुत्री भुंकतील.
यू-लान

तैपेई, २ एप्रिल
चि. यू-लान,
अ. उ. आ.
तुझं पत्र वाचून आधी राग आला, मग लाज वाटली. बापाचं काम घेतलं. पहिल्या दिवसाचं वाक्य एवढंसं, दारातून आत येत हाक मारायची की मी आलो. फेइसाहेब मुद्दाम आले होते. म्हणाले, इतकी वर्षं तुझे ओठ बघून बोललो, आज पहिल्यांदा स्वस्थ बसून ऐकलं. लोकांना हसायचं तर हसू देत. पण सिनेमा तिकडे लागला की आई काय म्हणते ते लगेच कळव, नाहीतर माझा जीव टांगणीला राहील.
मू-शेंग

लुगांग, १९ नोव्हेंबर
ती. दादास,
सा. न. वि. वि.
काल तुझा सिनेमा इथं लागला. लोक हसले रे दादा, खूप हसले. दार ढकलून आपल्या हेलात तू म्हणालास की मी आलो, आणि अख्खं थिएटर खिदळलं. शेजारचा कोळी मांडीवर थाप मारून म्हणाला, हा तर आपल्या गल्लीतला! मी घाबरून आईकडे पाहिलं. ती हसत नव्हती. पुढे झुकली आणि घरात विचारते तशी, मोठ्यांदा, तिनं तुला विचारलं, की आलास का, जेवलास का.
पडद्यावर तू टोपली ठेवलीस, पाय धुतलेस, आणि उत्तर न देता आत निघून गेलास. आई अजून विचारते आहे, तो काहीच का बोलला नाही. मी काय सांगू? पुढच्या गाडीनं ये आणि तूच सांग.
आईची माया आहेच, ती घ्यायला ये.
तुझी
यू-लान