बांडगुळाच्या उजेडातला झोका

२१ एप्रिल
पेपर तपासून मान मोडली. घरी आले तर भू. मळ्यातून नाचत आलेला. बांधावरच्या लिंबाला ते बांडगूळ धरलंय ना, संध्याकाळी झिरोच्या बल्बसारखं उजळणारं, त्याच्याखालच्या केळीचे घड अजून कोवळेच. बाकी मळा कटाईला आला. म्हणतो, "हे मागून कापू, भाव चढल्यावर." तिथे उभं राहिलं की हातातलं घड्याळ मागे पडतं, हेही हसत सांगितलं. मी म्हटलं, बांडगूळ झाड खातं, काढून टाक आधी. नवऱ्याला माझं ऐकायची सवय असती तर... असो.

२८ एप्रिल
वैशाली आली. नणंदबाईंचं फर्मान धुळ्याहून निघायच्या आधीच आलं होतं, झोका बांधून ठेवा. सासरी वर्षभर राबायचं आणि आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरी पाय जमिनीला लावायचा नाही, असा तिचा नेम. कडेवर लेक, चिऊ. बॅगा अर्थातच माझ्या हातात. चिऊ अजून फक्त अंगावर पिते. बाटली दाखवली की तोंड फिरवते.

२९ एप्रिल
झोक्यावरून वाद. मी म्हटलं, यंदा अंगणात बांधा. सासूबाई, म्हणजे अक्का, ऐकतात होय! "आखाजीना झोका लिंबलेच बांधतस. मन्ही सासू बी तठेच झोका खाये." झालं. भू. ने दोर बांधला. बांडगूळ पलीकडच्या फांदीवर, झोका अलीकडच्या, म्हणून काही होत नाही म्हणे.

३० एप्रिल, आखाजी
रात्र झाली, लिहून ठेवते.
मांडे, आमरस झालं. दुपारी सगळे लिंबाखाली. वै. ने चिऊला माझ्याकडे दिलं. "वहिनी, धर जराशी. एक झोका घेते." भू. ने जोरात ढकललं. झोका पुढे गेला, पार बांडगुळाजवळ. आणि तिथेच राहिला. वर, हवेत. दोर ताणलेले, पदर उडालेला, गाण्याला तोंड उघडलेलं. पडत नाही, परत येत नाही.
भू. धावला. दोन पावलं आत जाऊन वळला. तो म्हणतो लगेच वळलो, तुम्ही माश्यांसारखे भराभर फिरताना दिसलात म्हणून. आम्ही इकडे ऊन उतरेपर्यंत त्याला हाका मारत होतो.
म्हणजे ते घड थांबले तशी ही थांबली.

१ मे
चिऊ रडून रडून काळीनिळी. बाटली नको, चमचा नको. अक्का कपाळ धरून, "पोरले भूक लागनी, माय तठे टांगायेल शे, काय करू वं मी!"
गाव जमलं. कोणी म्हणे, झाडच तोडा. अक्का कुऱ्हाडीसमोर उभ्या राहिल्या. "ती पडनी तं कोठे पडी, कोण सांगी?" लग्न होऊन आल्यापासून पहिल्यांदा त्यांचं मला शंभर टक्के पटलं.

३ मे
चिऊने वाटीतलं दूध घेतलं! चमचा-चमचा करत अर्धी वाटी. जीव भांड्यात पडला.
धुळ्याहून जावईबापू आले. लिंबासमोर नुसते बसून राहिले. मग म्हणाले, "वहिनी, ती हसतेय ना?" हसतेय, म्हटलं. खरंच हसतेय.

७ मे
रोज एकाच दगडावर बसते, म्हणून कळलं. वै. ची टाच काल ज्या केळीच्या शेंड्याला लागल्यासारखी दिसत होती, आज त्याच्या अलीकडच्या झाडावर आहे. मागे येतेय. झोकाच तो, गेला तसा येणारच की! हे कोणाच्या डोक्यात कसं आलं नाही? अक्कांच्या गळ्यात पडून रडले. चिऊ आमच्या मधे चेंगरली, तिने दोघींचे केस ओढले.

११ मे
पदर खाली येतोय. आता नुसत्या डोळ्यांनी सरकताना दिसते. घरातल्या सगळ्या गाद्या लिंबाच्या अलीकडे. भू. आणि जावईबापू आळीपाळीने पहाऱ्यावर. भू. जेवत नाही नीट. त्याला टोमणा मारायचं मीही सोडलंय.

१४ मे
आली!!
गोगलगायीच्या चालीने येणारा झोका एकदम सुसाट. भू. आणि जावईबापूंनी अंगावर घेतला, तिघं गादीवर आडवे. वै. भडकली. "काय रे भाऊ, एक झोका बी पुरा लेऊ देत नही! आनि ह्या कव्हय उनात?" नवऱ्याकडे बघून.
मी चिऊला तिच्याकडे दिलं. चिऊ हसली. वै. ने तिच्या तोंडात बोट घातलं आणि परत परत चाचपलं.
"वहिनी, सकाळी हा दात नव्हता."
मग सांगितलं सगळं. पोटभर रडून घेतलं सगळ्यांनी. सुटले बाई एकदाची!

१५ मे
चिऊ आईकडे प्यायला तयार नाही. वाटी मागते, माझ्याकडे झेपावते. वै. चा चेहरा बघवत नाही. वै. च्या हिशेबाने तिने हिला दोन आठवड्यांपूर्वी नाही, कालच पाजलंय. काहीतरी काम काढून मी शाळेत जाऊन बसले. सुट्टी आहे, रिकामा वर्ग. घरी उशिरा आले.

१७ मे
जावईबापू म्हणाले, निघू या. वै. म्हणते, "माझी आखाजी तर आत्ताच झाली. माहेरपण अजून बाकी आहे." बापडे हसत एकटेच धुळ्याला गेले.
भू. ने लिंबाभोवती बाभळीचे काटे रचलेत. बांडगूळ काढायला आत जाणार कोण, आणि गेलेला परत येणार कधी, यावर घरात रोज सभा. निकाल नाही. उजेड वाढल्यासारखा वाटतो, का मलाच.

१८ मे
ओसरीत वै. चिऊला घेऊन बसलेली. मी दारातूनच मागे फिरणार होते. बघते तर चिऊ पीत होती! चपलेचा आवाज झाला तशी थांबली, मान वळवून माझ्याकडे बघितलं. मग परत तोंड फिरवून प्यायला लागली.
वै. ने सरकून जागा केली. "बस ना वहिनी."
बसले.