माझ्याच दाव्याची पोच

१२ डिसेंबर

प्रिय कूम नेगोवान,

वितोमीरचा नमस्कार. गुडघा कसा आहे? विचारतो, कारण मला टाळायला तू गेले पाच महिने मागच्या जिन्याने चढतोस आणि त्याला छप्पन्न पायऱ्या आहेत (मोजल्यात, मला वेळ असतो, पगार नसतो). माझ्यामुळे तुझ्या गुडघ्याला त्रास व्हावा, हे मला मुळीच आवडत नाही. इकडे स्तामेनाची तब्येत बरी, जीभ त्याहून बरी.

एकाच इमारतीत तू वर नगराध्यक्ष, मी खाली आवक-जावक कारकून, तरी पत्र लिहावं लागतंय. लोक म्हणतात, वितोमीरने कूमवर दावा ठोकला! लग्नात जो साक्षीला शेजारी उभा राहिला, बाप्तिस्म्याला ज्याने पोरीला हातांवर घेतलं, त्याच्यावर! आपल्याकडे माणूस सख्ख्या भावाशी भांडेल, कूमशी नाही. पण दावा नगरपालिकेवर आहे रे. चौदा महिन्यांचा पगार तिने थकवला, तू नाही. हे मी स्वतःला रोज समजावतो आणि रोज थोडंसंच पटतं.

आता एक कबुली. कोर्टाची नोटीस मे महिन्यातच आली होती, आणि अर्थात माझ्याच टेबलावर, कारण नगरपालिकेचं सगळं टपाल मीच घेतो. पोचेचा शिक्का उचलला, पण पाकिटावर तुझं नाव. हात खाली येईना. म्हटलं, आज सोमवार, कूमचा आठवडा कशाला नासवा, उद्या मारू. ते पाकीट खालच्या खणात गेलं आणि तिथंच राहिलं. तिकडे न्यायाधीशबाई दर तारखेला विचारायच्या, "नगरपालिकेची पोच कुठंय?" वादी, म्हणजे मी, मान खाली घालून बसलेला. तारीख पुढे, पुन्हा पुढे. जुलैत स्तामेना डबा घेऊन आली, मीठ शोधायला तिने खण उघडला आणि अख्ख्या कचेरीसमोर म्हणाली, "अहो, लोक दुसऱ्याचे कागद दाबतात, तुम्ही स्वतःचाच दाबून बसलात? एवढी लाज उतू जात असेल तर थोडी वरच्या मजल्यावर पाठवा, तिकडे तुटवडा आहे!" ती उभी होती म्हणून शिक्का पडला.

मग तुमच्या वकिलाचा कागद आला: अर्धा पगार सोडा, अर्धा नवीन वर्षाआधी घ्या. खरं सांगतो, मी सही करणार होतो. पण बालवाडीच्या दोन्ही स्वयंपाकिणी खिडकीशी येऊन नुसत्या उभ्या राहिल्या. त्यांचेही चौदाच महिने थकलेत. माझी सही झाली की तोच कागद त्यांच्यापुढे जाणार, आणि नुसत्या थांबल्या तर तीन वर्षं उलटली की कायद्याने मागायचा हक्कही जाणार. मी पेन खिशात ठेवलं. केलेल्या कामाचा पगार म्हणजे भीक नव्हे, हे मला अठ्ठावन्नाव्या वर्षी कळलं, तेही कोर्टाकडून, याचं वाईट वाटतं. मला तुझा राग नव्हता, नेगोवान. लाज वाटत होती, आपलेच पैसे मागायची. तुला ते न देण्याची कधी वाटली का?

गुडघ्याला जप. पुढचा जिना वापर, मी मान वर करणार नाही.

तुझा कूम,
वितोमीर

ता. क. एकोणीसला आमच्या घरच्या संताचा सण. त्याला कुणी कुणाला बोलावत नाही, ज्याला यायचं तो येतो. म्हणून मीही बोलावत नाही. मेणबत्ती लागेल, उकडलेले गहू असतील, भिंतीकडची खुर्ची तुझीच. पगाराचा विषय निघणार नाही. स्तामेनाने शपथ घेतली आहे (कशाची, ते मी विचारलं नाही).

आणखी एक. सोबत निकाल जोडला आहे. मी जिंकलो. आज सकाळी आला, आवक क्रमांक ४१७, शिक्का आजच्याच तारखेचा. खण उघडला नाही. आठ दिवसांत पैसे भरायचे, म्हणजे वीसपर्यंत.

आणि शेवटचं. नाताळाआधीचे उपवासाचे दिवस, मांस चालत नाही, मासा चालतो, म्हणून पाहुण्यांना मासा. तोही उधारीवर. मासेवाला म्हणाला, जामीन कोण? नगरपालिकेत आहे म्हटलं, तर त्याने जिवंत मासा परत हौदात सोडला. तुझं नाव सांगितलं, तेव्हा तोलून दिला.