गिरणीच्या रजिस्टरातले उखाणे

खडकवाडी, ता. देगलूर
दि. ३ नोव्हेंबर २०२५

ती. पंढरीमामांस,
रूपालीचा सप्रेम जयभीम. वि. वि. पत्र बघून घाबरू नका. मोबाइल पोलिसांकडं जमा आहे. गिरणीवरचा कॅमेरा त्याला जोडला होता. तो कुणीतरी फोडला, म्हणून मोबाइल पुरावा झाला. त्यात दिसतं काय, तर एक दगड येताना.

'गिरणी बंद कर, न्हाई तर पेटवू' अशा तीन चिठ्ठ्या आल्यावर मी कोर्टात गेले. कोर्टानं दोन महिने पोलीस दिला. हवालदार वीरण्णा सकाळीच दारात खुर्ची टाकतात. दुपारपर्यंत पिठानं असे पांढरे होतात, की परवा त्यांच्या साहेबांनी त्यांनाच विचारलं, हवालदार कुठाय?

येणाऱ्या-जाणाऱ्याची नोंद ठेवा, असा आदेश आहे. वीरण्णा बायांना नवऱ्यासकट पूर्ण नाव विचारतात. आता गावातल्या बाया नवऱ्याचं नाव असं सरळ घेतात होय? उखाण्याशिवाय एक तोंड उघडंना. सांगितलं तसंच लिहावं लागतं म्हणून वीरण्णा सगळे उखाणे लिहून घेऊन राहिलेत.

मामा, १० डिसेंबरपर्यंत धमकीवाल्याचं नाव निघालं न्हाई तर बंदोबस्त उठणार. मग गिरणी बंदच समजा. लई जीव लावलाय हो मी तिला.

मामींना नमस्कार. माया पातळ होऊ देऊ नका.
तुमची भाची,
रूपाली

लातूर
दि. ११ नोव्हेंबर

चि. रूपालीस,
अनेक आशीर्वाद. इकडं सगळे खुशाल. मी एकतीस वर्षं एस.टी.त कंडक्टर होतो, धमक्या मलाही यायच्या, पण हवालदार कुणी दिला न्हाई. शिर सलामत तो पगडी पचास. गिरणी विक अन् इकडं ये, वरची खोली रिकामी हाय.

ते रजिस्टर कोर्टानं मागितलं तर काय तोंड दाखवशील? वीरण्णाच्या जेवणाचं कोण बघतं, असं मामी विचारते.

म्हाताऱ्याचं ऐक, एवढाच लोभ.
पंढरीमामा

खडकवाडी
दि. २७ नोव्हेंबर

ती. मामांस,
स. जयभीम. तुमचं ऐकणार होते, पण ऐका काय झालं. आता शेजारच्या गावांतूनही बाया येतात. दोघी तर रिकामा डबा घेऊन आल्या, नुसता उखाणा नोंदवायला! वीरण्णांची दोन रजिस्टरं संपली. आवडलेल्या उखाण्याखाली ते लाल रेघ मारतात.

मंगळवारी कस्तुराबाई आल्या. गावातल्या जुन्या गिरणीचे मालक महादेवप्पा, त्यांची ही बायको. घरची गिरणी सोडून माझ्या दारात ज्वारीचा डबा! वीरण्णांनी नाव विचारलं. बाईंनी पदर सावरला आणि घेतलं:

ज्वारीच्या भाकरीवर लोण्याचा गोळा,
महादेवप्पांनीच फोडला कॅमेऱ्याचा डोळा.

वीरण्णांनी सवयीनं लाल रेघ मारली, पुढच्या बाईला नाव विचारलं, अन् मग ताडकन उठले.

मावशी, हे काय केलंत, म्हटलं मी. म्हणाल्या, बत्तीस वर्षं सांगून राहिले, गिरणीचा दगड झिजलाय, छिन्नीनं टाकी लावून घ्या, भाकरीत कचकच लागती. म्हणायचे, गाव जातंय कुठं? माझे दोन दात गेले. आता कुठं दुसरी गिरणी झाली, तर तीबी फोडायला निघाले.

काळजी नको, पण आठवण असू द्या.
रूपाली

खडकवाडी
दि. ११ डिसेंबर

ती. मामांस,
स. जयभीम. काल तारीख झाली. महादेवप्पांचे वकील म्हणाले, उखाणा हा काही पुरावा नव्हे, यमक जुळवायला बाई काहीही बोलते. न्यायाधीशांनी कस्तुराबाईंनाच विचारलं. त्या म्हणाल्या, साहेब, यांचं नाव मी लग्नात घेतलं, डोहाळजेवणात घेतलं, अन् आता घेतलं. नाव घेताना खोटं बोलत नसतात.

तेवढ्यात महादेवप्पाच उठले. म्हणाले, दगड मारला, चिठ्ठ्याही माझ्याच, पण भाकरीत कचकच नसते हे लिहून घ्या!

बंदोबस्त सहा महिने वाढला. गिरणी वाचली, मामा! मी कोर्टाच्या पायरीवर बसून रडले. रजिस्टर कोर्टानं ठेवून घेतलं, म्हणून शेजारी वीरण्णाही रडत होते.

असाच जीव लावा.
रूपाली

लातूर
दि. १८ डिसेंबर

चि. रूपालीस,
आशीर्वाद. विक म्हणालो ते चुकलं माझं. तू माझ्यापेक्षा धीराची निघालीस, पोरी.

मामी रविवारच्या गाडीनं ज्वारी घेऊन तुझ्याकडं निघाली आहे. लातुरात काय गिरण्या न्हाईत? आठ दिवस झाले, काहीतरी पाठ करून राहिली, अन् मी खोलीत गेलो की गप्प होते. तिला दळण दे, दोन दिवस ठेवून घे. पण माझ्यावर खरंच लोभ असेल, तर रविवारी वीरण्णाला सुट्टी दे.

तुझा,
पंढरीमामा