ओडोनमामांचं हसू

बुडापेश्ट, मार्च १९५२

ती. ओडोनमामांस,
भाची गिझेलाचा वाकून नमस्कार.

मामींचा गुडघा कसा आहे? तुम्ही पाठवलेलं सॉसेज पोचलं (अर्ध्या इमारतीने वास घेतला, उरलेल्या अर्ध्या इमारतीने खाल्लं). मी खुशाल आहे, म्हणजे कालपर्यंत होते.

गेल्या उन्हाळ्यात आमची मंडळी तुमच्या गावी कापणीचं चित्रण करून गेली, त्याचं संकलन माझ्याकडे आलं. दिवसभर फिल्म कापायची आणि चिकटवायची. नको असलेले तुकडे मी खिळ्याला टांगून ठेवते, कधी काय लागेल सांगता येत नाही. काल सकाळी पक्षाच्या समितीने चित्रपट पाहिला. अध्यक्षबाई म्हणाल्या, "अहो, गावात नवा ट्रॅक्टर येतोय आणि शेतकरी मयताला आल्यासारखे उभे! एक तरी आनंदी चेहरा दाखवा की." आता तो आणू कुठून? सगळी फिल्म धुंडाळली आणि शेवटी खिळ्यावर तुम्ही सापडलात. दृश्य संपल्यावर आमचे दिग्दर्शक मागे सरकता सरकता शेणखताच्या ढिगात बसले, तेव्हा कॅमेरा चुकून चालूच होता. तुमची मिशी कानापर्यंत गेलेली, डोळ्यांत पाणी! मी तो तुकडा ट्रॅक्टरच्या मागे जोडला. (माणूस कशाला हसला, हे आमच्याकडे आधीचा तुकडा ठरवतो.)

संध्याकाळी तो पाहून समिती गहिवरली. तिथेच थांबली असती तर बरं होतं. पण अध्यक्षबाई म्हणाल्या, "हे मिशीवाले कॉम्रेड कोण? पहिल्या खेळाला त्यांना मंचावर आणा, सामुदायिक शेतीवर चार शब्द बोलतील." पुढच्या आठवड्यात त्यांची माणसं ती मिशी शोधत गावात येतील. आणि तुम्ही तर सामुदायिक शेतीचा अर्ज घेऊन कुणी आलं की कुत्रं सोडता! मंचावर तुम्ही काय बोलाल ते मला पाठ आहे. माझी नोकरी गेली तर जाऊ दे. पण तुम्हाला उचलून नेतील, याची मला खरंच फार भीती वाटते, मामा.

द्राक्षवेलींची छाटणी झाली का?

तुमची,
गिझेला

ता.क. मिशी काढा. आजच.

ता.क. २. सम्राटाच्या फौजेत असल्यापासूनची मिशी आहे, जीव गेला तरी काढणार नाही, असं तुम्ही म्हणालच. म्हणून याच टपालाने मामींच्या नावे एक पुडकं पाठवलंय. त्यात माझी फिल्म कापायची कात्री आहे. दुपारी जेवून आडवे झालात की कृपा करून हलू नका, मामींचा हात अजून बसलेला नाही.