पुऱ्या मापाची खोली

सोमवार, ता. ३

रिकामी खोली लहान दिसते आणि तिच्यात पलंग, कपाट, टेबल आले की तीच मोठी वाटू लागते, हे कोडे घर बदलणाऱ्या प्रत्येकाला कधी ना कधी पडलेले असते. उत्तर शोधायचे कष्ट मात्र कुणी घेत नाही. उत्तर सोपे आहे. नजरेला मोजायला काहीतरी लागते. उघड्या फरशीवरून ती नुसती घसरत जाते. पलंग ठेवला की तिला कळते, येथे एक माणूस आडवा होतो आणि तरीही चालायला जागा उरते. म्हणून मी माझ्या डोळ्यांवर विसंबत नाही. फितीवर विसंबतो.

आज येथील गृहनिर्माण कार्यालयात भाड्याच्या घरांचा नोंदणी निरीक्षक म्हणून रुजू झालो. काम असे: ज्याला घर भाड्याने द्यायचे, त्याने कार्यालयात अर्ज करायचा, निरीक्षकाने जाऊन खोल्या मोजायच्या, दारे-खिडक्या मोजायच्या, पत्रक भरायचे, घरमालक आणि भाडेकरू या दोघांनी सह्या करायच्या. पत्रक नोंदवहीत शिवले गेले की चौकटीवर नोंदणी क्रमांकाची पत्र्याची पट्टी ठोकायची. ती ठोकली की भिंतीपासून भिंतीपर्यंतची सगळी जागा भाडेकरूची. याहून स्वच्छ काम जगात दुसरे नसेल.

राहायलाही छान जागा मिळाली. मालकीणबाई खाली राहतात. माडीवर एक लांबट खोली आणि शेजारी स्वयंपाकाची चिंचोळी जागा मला दिली आहे. बायको रविवारी, सोळा तारखेला येईल. लग्नाला दोन वर्षे झाली, पण नोकऱ्या दोन गावांना असल्यामुळे एका छपराखाली आम्ही एकूण चाळीस दिवस काढले असतील. आता आमचे पहिले घर. दोन पलंग आणले. तिचा पलीकडच्या भिंतीलगत लावला, दाराच्या बरोबर समोर. तेथे वारा चांगला येतो.

बुधवार, ता. ५

कार्यालयातील मंडळींविषयी लिहायला हवे, म्हणजे पुढे कुणाला शिकवताना उदाहरणे शोधावी लागणार नाहीत.

ज्येष्ठ कारकुनांना सगळे अण्णा म्हणतात. तीस वर्षे झाली त्यांना घरे मोजताना. फीत शिंप्याची, आकडे कवीचे. मी दोन दिवस बसून जुन्या नोंदवह्यांचे अकरा खंड घरांच्या मूळ नकाशांशी ताडून वाचले. प्रत्येक घरात एक खोली दीड फूट कमी लिहिली आहे. येथे थोडे समजावून सांगतो. हाताची चूक कधी पुढे जाते, कधी मागे. फितीची चूक लांबीबरोबर वाढते. परंतु जी चूक नेहमी दीडच फूट असते आणि नेहमी दारासमोरच्या भिंतीशीच होते, ती चूक नव्हे; ती सवय आहे. आणि सवय म्हणजे आळसाचे लाडके नाव.

अण्णांना विचारले. ते म्हणाले, की अहो साहेब, तेवढं सोडायचं असतं, आमच्या आधीचेही सोडत. कुणासाठी, असे विचारल्यावर म्हणाले, की ज्याची नोंद होत नाही त्यालाही कुठेतरी राहायचं असतंच ना. मी विचारले, की त्याला भाडेपावती कोण देते? सगळे कार्यालय हसले. मला वाटले माझ्या विनोदाला हसले. पण शिपाई दारातून मोठ्याने म्हणाला, की नव्या साहेबांना फीत चावलीय.

ही अशी माणसे घरांचा हिशोब ठेवतात.

शनिवार, ता. ८

आदर्श पत्रक कसे असते ते या लोकांना दाखवावे म्हणून माझ्याच खोलीची नोंद आज पुऱ्या मापाने केली. लांबी पंधरा फूट. तीनदा मोजली, तिन्ही वेळा पंधरा.

मालकीणबाईंनी फार घोळ घातला. साडेतेरा लिहा ना भाऊ, तुमचं काय जातं त्यात, असे त्यांचे पालुपद. आमचे हे होते तेव्हाही तेवढंच लिहायचे म्हणाल्या. मी त्यांना खडूने फरशीवर रेघ मारून दीड फूट म्हणजे किती ते दाखवले आणि विचारले, की या एवढ्याशा पट्टीत कोण मावेल? त्या रेघेकडे न बघता म्हणाल्या, की भिंतीला पाठ लावून उभं राहिलं तर मावतं.

शेवटी त्यांनी सही केली. पेन दोनदा हातातून पडले. बायकांच्या मनात एकदा भीती बसली की भूमितीचा इलाज चालत नाही. दुपारी पट्टी ठोकली. किती देखणी दिसते!

मंगळवार, ता. ११

क्षुल्लक गोष्ट, पण शिस्त म्हणून लिहितो. कार्यालयातून आलो तर बायकोसाठी लावलेला पलंग भिंतीपासून वीतभर पुढे आलेला. फरशीला उतार असेल म्हणून गोटी ठेवून पाहिली. जागची हलली नाही. रस्त्यावरून अवजड गाड्या जातात, त्याने हादरे बसत असावेत.

पलंग पुन्हा ढकलला. शेवटची वीत जड गेली. मधे भरलेले पोते असावे तसे काहीतरी दबले आणि थांबले. वाकून पाहिले. काही नव्हते. ती भिंत बाहेरची आहे. पलीकडे नुसती हवा आणि खाली मालकीणबाईंची तुळशी लावलेली परसबाग.

अण्णांनी आज विचारले, की बाईसाहेब कधी येणार? मी म्हणालो रविवारी. ते म्हणाले, की आधी नोंदीची दुरुस्ती करून घ्या मग. मी त्यांना मापनशास्त्रावरचे एक पुस्तक वाचायला देऊ केले.

गुरुवार, ता. १३

दोन पलंगांमधली वाट फितीने तीन फूट भरते. माझे खांदे दीड फुटांचे. तरीही आज मी तेथून आडवा होऊन गेलो, आणि आडवा होतो आहे हे मला पलीकडे पोहोचल्यावर कळले. शरीर आपोआप वळले, गर्दीत वळते तसे.

बायकोच्या गादीच्या कडेला खळगा पडला आहे. कुणी पाय खाली सोडून बराच वेळ बसले असावे असा. कापूस निकृष्ट असणार. गादीवाल्याला ऐकवायला हवे.

आज अण्णा माझ्या टेबलाशी येऊन बसले. म्हणाले, की साहेब, तुम्ही त्याची जागा तुमच्या नावावर केलीत. आता ते खोलीत येऊन उभं राहणार, दुसरं कुठं जाईल? दुरुस्तीचे पत्रक त्यांनी स्वतःच्या हाताने भरून आणले होते, साडेतेरा फूट. मालकीणबाईंची सहीसुद्धा घेऊन आले होते. फक्त माझी राहिली होती. उद्या पाचच्या आत द्या म्हणाले. मग तीन दिवस सुट्टी, नोंदवहीला कुलूप.

मी हसलो. हसणे अपुरे पडू नये म्हणून त्यांना खोलीचे क्षेत्रफळही काढून दाखवले. सरकारी वहीत खोटे लिहिणार नाही म्हणालो. अण्णा म्हणाले, की खोटं तुम्ही लिहिलंय, साहेब. पूर्ण जागा तुमची आहे, असं लिहिलंय.

तीस वर्षांत एवढे एकच वाक्य नीट बांधले असेल त्यांनी.

शुक्रवार, ता. १४

दुपारी जेवायला घरी आलो. खोलीत शिरताना दार अर्ध्यावर अडले. मग सैल झाले. जणू कुणी बाजूला झाले.

खुर्चीत बसून डबा उघडला. समोर तिचा पलंग. कड हळूच खाली दबली. कापूस असा दबत नाही. मी पाहत होतो. भर दुपार. खिडक्या उघड्या. काहीही दिसत नव्हते, आणि खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती.

तासभर खुर्चीतून उठलो नाही. मग दोन, तीन, चार. उठायला जागा हवी ना.

गादीची कड वर आली तेव्हा उठलो, खिशातल्या पत्रकावर सही केली. धावत गेलो. पाच वाजून वीस मिनिटे. कुलूप. अण्णा रस्त्यात भेटले. टोमणा मारतील वाटले, मारला नाही. बाईसाहेबांना तरी थांबवा, इतकेच म्हणाले. त्यांनी कीव केली माझी. त्या माणसाने. माझी.

शनिवार, ता. १५

रात्र खाली ओसरीवर काढली. मालकीणबाई भावाकडे निघून गेल्या. जाताना म्हणाल्या, की भाऊ, मी मंगळवारी येते, तुम्हीही वर जाऊ नका.

बायकोला फोन केला. येऊ नको म्हणालो. कारण सांगता येईना. मला, कारण सांगता येईना! दीड फूट जागेचा प्रश्न आहे एवढेच बोललो. ती खूप हसली. म्हणाली, की अहो, दोन वर्षं थांबलेय, आता दीड फुटासाठी नाही थांबायची. मी अंग चोरून झोपेन.

नको, म्हणालो. अंग चोरून नको. तिने फोन ठेवला होता.

ठरवले: उद्या स्थानकावरच गाठायचे. लॉजवर न्यायचे. मंगळवारी दुरुस्ती. ती माडीवर येता कामा नये. बाकी काही चुकले तरी चालेल.

रविवार, ता. १६. सकाळी नऊ

पाकीट वर राहिले होते. दोन मिनिटांचे काम. आत आलो, दार मागे लागले. आता उघडत नाही. कडी काढलेली आहे. दार आत उघडते — आणि आत जागा नाही. दोन बोटे हलते, मग मऊ लागते.

दहा

ओरडलो. खाली कुणी नाही. खिडकीला गज. माझा पलंग सरकला आहे. टेबलाशी उभा आहे, येथेच लिहितो. लिहिले की डोके ताळ्यावर —

सव्वादहा

ती आली. आधीच्या गाडीने. रस्त्यावर आहे, दोन पिशव्या. गजांतून ओरडलो — वर येऊ नकोस, तेथेच थांब. ती हात हलवून म्हणाली, की भाषण वर येऊन ऐकते.

जिन्यात पावले.

दाराशी गेलो. ढकलून धरायला. आधी ओढून पाहिले. दार हलले — सहज. दोन बोटे नाही, सबंध. दार मोकळे आहे. म्हणजे ते आता दाराशी नाही. मग —

कडी लावली. ती ठोठावते आहे. हसते आहे. उघडले की ती आत शिरेल. उघडणार नाही.

लिहून ठेवतो. तुमच्या घराची नोंद कुणी केली, पुऱ्या मापाने केली का, तुम्हाला ठाऊक नसेल. चाचणी सोपी आहे. दारासमोरच्या भिंतीला पाठ लावून उभे राहावे. चार पावले पुढे यावे. वळू नये. तशीच चार मागे जावे. चौथ्या पावलाला टाच भिंतीला लागली पाहिजे. तिसऱ्यालाच पाठीला काही लागले तर घाबरू नये. हात मागे न्यावा. चाचपून पाहावे. भिंत थंड असते. भिंत सपाट असते. भिंत आपला हात —