दोन मिनिटांचा डॉक्टर

प्रिय संघू,

फोनवर तू "बरा आहे" म्हणतोस, मी "आम्हीही बरे आहोत" म्हणते, आणि त्यापुढे आपलं गाडं सरकत नाही. म्हणून आज अंगणात खुर्ची टाकून लिहायलाच बसले. अकोल्याच्या कॉन्व्हेंटमधल्या आमच्या सिस्टर म्हणायच्या, जे तोंडून निघत नाही ते कागदावर निघतं.

तू मनिलाला डॉक्टर व्हायला गेलास आणि कॉलेज सोडून सिनेमात शिरलास, तेव्हापासून बाबा तुझ्याशी बोलले नाहीत. तुझ्या सख्ख्या बहिणीचं, वर्षालीचं लग्न ठरलं तरी त्यांनी तुला बोलावलं नाही, आणि त्यांनी बोलावल्याशिवाय येणार नाही म्हणून तूही अडून बसलास. दोघं एकाच मातीचे.

तुझा एकही सिनेमा मी सोडलेला नाही. पहिल्यात तू मोटारसायकलवरून फिरणारा हिंदुस्थानी सावकार होतास. मग दुकानदार, मग गुंडाचा ड्रायव्हर. नायकाला तिकडेही मरण नाही. मरायचं ते तूच. शेजारच्या मनकर्णाबाई विचारतात, "काहो मायाबाई, तुमचा पोरगा हिरो कधी होते?" मी म्हणते, हिरोला रडवायलाही कोणीतरी लागतं.

मागच्या रविवारी वर्षालीने तुझा नवा सिनेमा टीव्हीवर लावला. बाबा पेपर उघडून बसले होते, कान मात्र इकडे. त्यात तू डॉक्टर होतास, जेमतेम दोन मिनिटं. बाकावर बसलेल्या एका बाईला तिचा मुलगा गेल्याचं सांगायचं होतं. तू लगेच बोलला नाहीस. चष्मा काढलास, शर्टाच्या टोकाने पुसलास, पुन्हा घातलास, मग बोललास. बाबांचा पेपर खाली आला. तुझे आजोबा गेले तेव्हा दवाखान्यातून येऊन बाबांनी अगदी असंच केलं होतं. तू लहान होतास, दाराला धरून उभा.

"हे तं माह्यं व्हय," ते म्हणाले. मग वर्षालीला, "मांगं घे थोडं." पुन्हा पाहिलं, पुन्हा मागे घ्यायला लावलं. खालची इंग्रजी अक्षरं मी वाचून दाखवू लागले तर मलाच दटावलं, "तू चूप बस ना वं. मले समजून राह्यलं."

आपल्याकडे लग्नपत्रिकेत प्रत्येक नावापुढे हुद्दा लागतो. तुझ्यापुढे काय लिहायचं, म्हणून तुझं नावच गाळायचं ठरलं होतं. हे तुला सांगायला माझी जीभ वळली नाही. काल बाबा वर्षालीला घेऊन स्वतः छापखान्यात गेले. कच्ची प्रत सोबत पाठवते आहे. 'स्वागतोत्सुक'च्या खाली पहिलं नाव तुझं, आणि पुढे 'सिनेनट, मनिला'. छापखानेवाल्याने विचारलं, "हिरो हाय का?" तर बाबा म्हणाले, "नाई. पण थो नसला तं हिरोले रडवन कोन?"

तिकीट काढ, बाळा. बडनेरा स्टेशनवर बाबा स्वतः येणार आहेत. लगेच बोलतील असं नाही. पण त्यांनी चष्मा काढून पुसायला घेतला, तर तू घाई करू नकोस. थोडा थांब.

वाटेकडे डोळे लावून बसलेली,
तुझीच आई